तोरणाआडची पाटी

धर्म आणि अधर्म यांतून एक निवडणे मनुष्याला पुष्कळदा सोपे जाते. अवघड असते ते दोन धर्मांतून एक निवडणे. दारी आलेल्या भुकेल्याला जेवू घालावे आणि त्याचे मोल घेऊ नये, हा एक धर्म. जिने घरासाठी आपले हात भाजून घेतले, तिच्या श्रमाला चारचौघांत श्रम म्हणावे, हाही धर्मच. आश्विनातल्या एका दुपारी हे दोन्ही धर्म एकाच उंबरठ्यावर येऊन उभे राहिले, आणि पहिल्याचे पालन होताना दुसऱ्याचा भंग झाला. जिच्या हातून तो झाला, तिच्या मनात पापाचा लेशही नव्हता. म्हणूनच ही हकीकत सांगावीशी वाटते.

चंदीगडच्या दक्षिण अंगाच्या सेक्टरांत सहकारी सोसायट्यांच्या इमारती आहेत. त्यांतल्या एकीत, तिसऱ्या मजल्यावर, गिरिजाबाई राहतात. त्यांचे यजमान विश्राम केंद्र सरकारच्या शाळेत संस्कृत शिकवीत. बदल्या होत होत ते या शहरात आले, येथेच निवृत्त झाले आणि येथेच त्यांचा देह पडला. मुलगा सुबोध येथेच लहानाचा मोठा झाला. त्याच्या मराठीत हिंदी अशी मिसळलेली, की वाक्य कोणत्या भाषेत सुरू केले होते हे शेवटास जाईपर्यंत त्याचे त्यालाही आठवत नसे. सून मीनाक्षी मात्र सांगलीची.

त्या वर्षी वैशाखात सुबोधची मोहालीतली नोकरी गेली. कंपनीने एक अख्खा विभाग बंद केला, त्यात त्याची खुर्चीही गेली. तेव्हापासून तो रोज सकाळी अंघोळ करून, इस्त्रीचा सदरा घालून लॅपटॉपपुढे बसे. मुलाखतीला बोलावणे आले तर जाई, आणि संध्याकाळी परत येऊन सदरा पुन्हा हँगरला लावी. "कळवतो म्हणाले," एवढेच तो सांगे. घर चालत होते ते गिरिजाबाईंच्या कुटुंबनिवृत्तिवेतनावर आणि मीनाक्षीच्या हातांवर.

मीनाक्षीच्या हाताला चव होती. छावणीतल्या आणि हवाई दलाच्या वसाहतीतल्या मराठी घरांत तिचे मेतकूट, थालीपिठाची भाजणी आणि गोडा मसाला कित्येक वर्षे जात होता. पण ती सारी बदलीची माणसे. एखाद्या घराला तिच्या भाजणीची सवय लागावी, तोच त्यांचे सामान ट्रकमध्ये चढावे. नवे कुटुंब आले की पुन्हा पहिल्यापासून ओळख. अशा येत्याजात्या गिऱ्हाइकांवर घर उभे राहणार नाही, माल दुकानात ठेवला पाहिजे, असे तिने मनाशी ठरवले आणि पिशवी घेऊन ती सेक्टर सतराच्या बसमध्ये बसली.

तिथल्या एका जुन्या किराणा दुकानाच्या लालाने मेतकूट बोटावर घेऊन चाटले आणि डोळे मिटले.

"बहनजी, ये है तो चूरन जैसा," तो म्हणाला, "पर चूरन से लाख अच्छा. इसे खाते कैसे हैं?"

"गरम चावल और घी के साथ."

"दिवाली का माल अभी से तय करता हूँ. एक पूरी शेल्फ दूँगा आपको. जीएसटी नंबर लाई हो?"

"नंबर तो नहीं है."

"फिर समझो माल भी नहीं है." लालाने बोट पुसले. "नंबर नहीं तो पक्का बिल नहीं. बिना बिल के मैं नमक भी नहीं रखता. दशहरे तक शेल्फ ख़ाली रखता हूँ. उसके बाद जो पहले आया, उसकी."

अन्नपदार्थांचा परवाना मीनाक्षीने पूर्वीच काढून ठेवला होता. आता हवा होता तो व्यवसायाचा करक्रमांक. सगळे त्याला नुसते 'नंबर' म्हणत. तो मिळाला तर सरकारदप्तरी तिच्या कामाला एक अस्तित्व येणार होते आणि दिवाळीआधी घरात चार पैसे. दसऱ्यापर्यंत नाही मिळाला, तर पुन्हा ट्रकमध्ये सामान चढवणाऱ्या गिऱ्हाइकांची वाट पाहणे होते.

सुबोधने अर्ज भरायला घेतला. निदान एक तरी अर्ज आपण दुसऱ्यासाठी भरतो आहोत, याचे त्याला थोडे बरे वाटत असावे.

पहिला अर्ज परत आला, कारण विजेचे बिल अजून विश्रामांच्या नावावर येत होते आणि फ्लॅट गिरिजाबाईंच्या नावावर झालेला होता. मीटरवरचे नाव बदलायला गिरिजाबाईंनी आजवर कधीच हो म्हटले नव्हते.

"महिन्यातून एकदा तरी त्यांच्या नावानं घरात कागद येतो," त्या म्हणाल्या. "राहू दे की तेवढं."

मीनाक्षी शेंगा निवडत त्यांच्याजवळ बसून राहिली. शेंगा संपल्यावर गिरिजाबाईंनीच हात पुसून विचारले, "कुठं करायची सही?"

नाव बदलून आले त्यात आषाढ आणि श्रावण गेले. मग संकेतस्थळ चालेना. चालू झाले तर मोबाइलवर यायचा आकडा येईना. आला तर त्याची मुदत संपलेली. "सरकारला आपला पत्ता माहीत नाही म्हणे," सुबोध चिडून म्हणाला. "बिल पाठवताना बरा सापडतो यार!" फोटो फार मोठा म्हणून नाकारला गेला, लहान केला तर चेहरा ओळखू येईना. पुढे अंगठा देण्यासाठी केंद्रावर बोलावणे आले. तिथे यंत्राला मीनाक्षीची बोटेच उमटेनात. रोज कढईशी झुंजून, गरम डाळी हातांनी परतून त्यांवरच्या रेषा बोथट झाल्या होत्या.

"मॅडम, हाथ धोकर आओ जी," तिथला माणूस म्हणाला. धुऊन आली. "क्रीम लगाकर आओ जी." क्रीम लावून आली. रांगेतले लोक तिच्या हातांकडे पाहत होते. शेवटी डाव्या हाताच्या एका बोटाने मान राखला.

उद्योगाचे नाव तिने 'गिरिजा गृहोद्योग' असे दिले होते.

"माझं कशाला गं नाव?" गिरिजाबाई म्हणाल्या होत्या. "तुझंच घाल की."

"माझं नाव मसाल्यापेक्षा साड्यांच्या दुकानाला शोभेल, आई."

गिरिजाबाई हसल्या होत्या. घरमालकीण म्हणून त्यांनी संमतिपत्रावर सहीही करून दिली होती, न वाचता. सुनेने पुढे केलेला कागद वाचायचा असतो, असे त्यांना कधी वाटले नाही. पण या सगळ्याला 'विक्री' म्हणतात, हे त्यांच्या मनाने कधी मान्य केलेले नव्हते. त्यांचे वडील कऱ्हाडजवळच्या एका गावात पुराण सांगत. त्या घरात दुपारी आलेला मनुष्य जेवल्याशिवाय गेल्याचे कोणाला स्मरत नव्हते, आणि अन्नविक्रय हा शब्द तिथे चोरीच्या जोडीने उच्चारला जाई. सून डबे भरून देते, लोक सामानाचे पैसे देतात, अशी गिरिजाबाईंनी स्वतःची समजूत घातली होती. पोरीचा खटाटोप, एवढेच त्या म्हणत. त्या खटाटोपात डाळी निवडायला त्याही बसत.

दारावर पाटी लागली. निळ्या पत्र्यावर पांढरी अक्षरे. मग घटस्थापना आली. गिरिजाबाईंनी पहाटे उठून झेंडूचे आणि रस्त्याकडेच्या आंब्याच्या पानांचे घसघशीत तोरण केले आणि सुबोधला स्टुलावर चढवून ते दाराला बांधून घेतले. त्या तोरणाआड पाटी सबंध झाकली गेली. मीनाक्षीने येता-जाता ते पाहिले होते. उद्या तोरण जरा वर घेऊ, असे ती म्हणाली. पण उद्याला त्याची स्वतःची कामे होती.

जागेची पडताळणी व्हायची आहे, कोणी तरी पाहायला येईल, एवढे सर्वांना ठाऊक होते. कधी, ते कोणी सांगत नाही.

नवरात्राची चौथी माळ होती. सुबोध मोहालीला मुलाखतीस गेला होता आणि मीनाक्षी पाकिटे आणायला बाहेर पडली होती. दुपारच्या वेळी घंटा वाजली. दारात एक तरुण स्त्री उभी होती. खांद्याला बॅग, हातात फोन, कपाळावर घाम, ओठ सुकलेले.

"नमस्ते माताजी. मैं रजनी कंबोज. जीएसटी दफ़्तर से हूँ, इन्स्पेक्टर. मीनाक्षी जी हैं?"

"बाहेर गेलीय. आती है आता," गिरिजाबाई म्हणाल्या. "पहले अंदर आओ बेटा. कितनी उन्हात आयी हो! पाणी पिओ."

"नहीं माताजी, बस देखना है कि..."

"देखना नंतर. पहले बैठो."

रजनी बसली. पाण्याचा पेला तिने एका दमात संपवला आणि डोळे मिटून क्षणभर पंख्याखाली तशीच राहिली. सकाळपासून ती स्कूटरवर सेक्टरामागून सेक्टर हिंडत होती.

"उपास है क्या तुझा?" गिरिजाबाईंनी विचारले.

"हाँ जी. पूरे नौ." रजनी हसली. "सुबह चाय पी थी बस. बच्चे को स्कूल छोड़ा, फिर टाइम ही नहीं मिला."

एवढे ऐकल्यावर गिरिजाबाईंना पुढचे काही ऐकू येणे शक्यच नव्हते. त्यांचाही उपास होता. वऱ्याचे तांदूळ आणि दाण्याची आमटी गॅसवर तयार होती. "माताजी, ड्यूटी पर हूँ, नहीं खा सकती," असे रजनी दोनदा म्हणाली. तिसऱ्यांदा म्हणायच्या आत पान मांडलेले होते, आणि वरून तूप पडत होते.

ती जेवली. सावकाश, मान खाली घालून, सासरी असल्यासारखी नव्हे, माहेरी असल्यासारखी. जेवून हात धुतल्यावर मात्र तिला आपले काम आठवले. तिने खोलीतून नजर फिरवली. सकाळीच भाजणी दळून डबे फडताळात गेले होते, ओटा पुसलेला होता. जसे कोणतेही सुगृहिणीचे घर असावे, तसे ते घर होते.

"माताजी, यहाँ से खाने का सामान बिकता है न? मसाला, आटा? ये जो मैंने खाया, ये भी देते हो क्या? कितने में?"

गिरिजाबाईंनी दोन्ही कानांच्या पाळ्यांना हात लावला.

"पैसे? घर आए माणसाकडून पैसे? छे छे! बेटा, हम खाना बेचते नहीं. हमारे घर में कभी नहीं बेचा. पाप लगता है."

"बिल्कुल नहीं बेचते?"

"बिल्कुल नहीं," गिरिजाबाई अभिमानाने म्हणाल्या. "किसी को भी पूछ लो."

रजनीला आणखी काही विचारायचे असावे. पण ऐकलेले तिने ऐकले होते. तिने दाराचे आणि खोलीचे फोटो काढले. दाराच्या फोटोत फक्त झेंडू आला. जाताना ती गिरिजाबाईंच्या पाया पडली. मीनाक्षीने परत येऊन बाहेरचे जाळीचे दार उघडेपर्यंत तिची स्कूटर सोसायटीच्या फाटकाबाहेर गेली होती.

"एक मुलगी आली होती ऑफिसातली," गिरिजाबाई आनंदाने म्हणाल्या. "गुणी आहे हो. उपाशी होती, जेवून गेली."

मीनाक्षीचा चेहरा उजळला. "सगळं बघितलं ना तिनं?"

"बघितलं की! आपल्या घराची रीतही सांगितली मी तिला."

दोन दिवसांनी सुबोधच्या फोनवर नोटीस आली. त्याने ती आधी मनात वाचली, मग हलक्या आवाजात मीनाक्षीला वाचून दाखवली. दिलेल्या पत्त्यावर व्यवसायाची पाटी दिसली नाही. साठवण अथवा विक्रीचे चिन्ह आढळले नाही. येथे खाद्यपदार्थांची विक्री होत नाही, असे तिथे राहणाऱ्या, संमतिपत्र देणाऱ्या ज्येष्ठ महिलेने स्वतः सांगितले. सबब अर्ज का नाकारू नये, याचा खुलासा सात कार्यदिवसांत करावा.

"आई," सुबोध म्हणाला, "तू असं बोललीस? सीरियसली?"

"म्हणजे काय, खोटं बोलू? नवरात्रात?"

"अगं, खोटं कोण बोल म्हणतंय! नंबर बेचण्यासाठीच तर पाहिजे ना यार!" त्याने लॅपटॉप मिटला. "एका बाईने प्यार से जेवू घातलं आणि एका बाईने प्यार से जेवून रिजेक्ट केलं. कमाल आहे."

तो उठून गॅलरीत गेला. त्याला राग येण्याइतकीही शक्ती उरली नव्हती.

मीनाक्षी कढईपुढे बसली होती. धणे अर्धे भाजून झाले होते. तिने गॅस बंद केला.

"आई, तुम्ही खोटं बोलला नाहीत," ती म्हणाली. "पण खरं तरी कुठं बोललात?"

"ती उपाशी होती गं. उपाशी माणसापुढं पान वाढून किंमत सांगू? माझ्या वडिलांच्या घरी..."

"तिला वाढलंत ते चांगलंच केलंत. मी असते तर मीही वाढलं असतं." मीनाक्षीचा आवाज चढला नाही, उलट खाली खाली जात होता. "पण इथं काहीच होत नाही, असं सांगितलंत. मग मी इतकी वर्षं काय करतेय, आई? हे हात कशानं भाजले? ते यंत्र माझी बोटं ओळखेना, ते परवडलं. त्याला काय कळतं. तुम्ही रोज माझ्याशेजारी बसून डाळ निवडता."

मीनाक्षीने पुन्हा गॅस पेटवला. अर्धवट भाजलेले धणे टाकून देण्याची त्या घराची ऐपत नव्हती.

दुसऱ्या दिवशी पूजेला बसल्यावर गिरिजाबाईंचे मन माळेवर स्थिर होईना. देव्हाऱ्याशेजारी विश्रामांची तसबीर होती. त्यांना आठवले, की पगाराच्या दिवशी विश्राम शाळेतून आल्यावर पाकीट प्रथम देवापुढे ठेवीत. लग्नानंतर नव्यानेच एकदा गिरिजाबाईंनी भीत भीत विचारले होते, "विद्या विकू नये म्हणतात ना? मग पगार कसा घेता?" त्यांच्या माहेरी वडील दक्षिणा मागत नसत, जे पुढे येई ते घेत. विश्राम हसले नव्हते. त्या प्रश्नाने त्यांनाही पूर्वी छळलेले असावे. ते म्हणाले होते, "विद्येचं मोल कोण देणार? मी माझ्या वेळेचं घेतो, आणि घशाचं. तुम्हा सगळ्यांचं पोट आहे."

त्या पगारावर हे घर झाले. सुबोधचे शिक्षण झाले. आजही महिन्याच्या आरंभी जे निवृत्तिवेतन येते, ते त्याच पगाराची सावली आहे. त्याला पाप म्हणावे, असे गिरिजाबाईंच्या मनात आयुष्यात कधी आले नव्हते. पुरुषाच्या घशाचे मोल त्यांनी घेतले होते. बाईच्या हातांचे मोल मात्र तोंडाने उच्चारायला त्यांना लाज वाटली होती.

त्या पूजेवरून उठल्या, आणि कढईपाशी आल्या.

"मीनाक्षी, त्या मुलीचं ऑफिस कुठं आहे?"

"सतरात."

"मला घेऊन चल."

"आई, तुमचा उपास आहे. तिथं जिने आहेत. सुबोध उत्तर लिहितोय."

"उत्तर तो लिहील. बोलले मी आहे. जिभेनं झालेलं जिभेनंच निस्तरायला हवं."

रिक्षाने दोघी निघाल्या. कार्यालयाच्या जिन्यावर गिरिजाबाई प्रत्येक वळणावर थांबत. मीनाक्षी एक हात त्यांच्या पाठीशी धरून उभी राही. आधी एका टेबलावर, मग दुसऱ्यावर, मग 'लंच के बाद' असे ऐकत त्या बाकावर बसून राहिल्या. पुढे रजनीच आतून बाहेर आली आणि गिरिजाबाईंना पाहून जागीच थबकली.

"माताजी, आप? यहाँ?" ती जवळ येऊन बसली. "नाराज़ हो मुझसे? मैं क्या करती. आपके हाथ का खाया था, लिखना अच्छा नहीं लगा. पर जो सुना वही लिखना पड़ता है जी."

"तूने बरोबर लिखा, बेटा. गलती लिखने में नहीं है." गिरिजाबाईंनी पदर सावरला. जे वाक्य त्या वाटेत घोळवीत आल्या होत्या, ते आता ओठांशी येऊन अडले. बाकावर शेजारी बसलेले दोन व्यापारी कुतूहलाने ऐकत होते. गिरिजाबाईंनी एकवार मीनाक्षीच्या हातांकडे पाहिले, आणि वाक्य सुटले. "हम बेचते हैं. मेरी बहू बनाती है, मैं दाल चुनती हूँ, और हम बेचते हैं. बहुत साल से. मुझे बोलने में शरम आई थी. तुझे जो खिलाया वो घर का था, उसका दाम नहीं. पर जो डिब्बे में है, उसका दाम है. वो इसकी मेहनत का है. लिख ले."

मीनाक्षीने मान वळवून खिडकीबाहेर पाहिले. तिला रडायचे नव्हते. त्यालाही त्राण लागते.

रजनीने हलकेच विचारले, "और बोर्ड?"

"तोरणामागे," गिरिजाबाई म्हणाल्या. "तोरण मैंने लगाया. वो भी मेरी ही गलती."

शेजारचा एक व्यापारी हसला. "माताजी, हमारी फ़ाइल तो बिना तोरण के भी अटकी हुई है."

रजनीने खुलासा दाखल करून घेतला, पण नुसत्या बोलण्यावर काही होणार नाही, पुन्हा पाहावे लागेल, असे सांगितले. दसरा तोंडावर आला होता, मध्ये सुट्ट्या होत्या. घाईची विनंती मीनाक्षीने केली नाही. विनंत्या करून करून तिला त्यांचा कंटाळा आला होता.

दसरा झाला. लालाचा फोन आला नाही; त्याने शब्द दिला होता तेवढाच पाळला. दसऱ्यानंतरच्या पहिल्या कामाच्या दिवशी, पुन्हा भर दुपारी, घंटा वाजली.

या वेळी सुकलेले तोरण उतरवले होते आणि पाटी उघडी होती. मीनाक्षी घरी होती. खोलीत भाजणीच्या खमंग वासाने दाटी केली होती, भिंतीशी डबे मांडले होते, पाकिटांवर चिकटवायच्या चिठ्ठ्या पंख्याच्या वाऱ्याने फडफडत होत्या. रजनीने पाटीचा फोटो घेतला, डब्यांचा घेतला, वजनकाट्याजवळ मीनाक्षीला उभे करून तिचाही घेतला. ज्या गोष्टी विचारायच्या त्या विचारल्या. मीनाक्षीने सर्व सांगितले.

गिरिजाबाई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. उपास संपले होते. आत वरणभात तयार होता, कोशिंबीर झाली होती, पोळ्याही झाल्या होत्या. रजनीचे ओठ आजही सुकलेले होते.

रजनीने फोन बॅगेत ठेवला आणि वर पाहिले. तिला आणि गिरिजाबाईंना एकच गोष्ट सुचली होती.

"माताजी, आज मत कहना," ती घाईने म्हणाली. "आज नहीं खा सकती. आपके घर खाकर आपके हक़ में लिखूँ, तो वो लिखा हुआ जूठा हो जाएगा. आपकी बहू का नंबर साफ़ आना चाहिए."

गिरिजाबाईंचा हात अजून स्वयंपाकघराच्या पडद्यावर होता. त्यांच्या मुखात माहेरची, सासरची, जन्मभराची सवय आली होती. ती त्यांनी गिळली. दुपारची वेळ, दारी आलेली लेकीच्या वयाची मुलगी, आत ऊन ऊन भात, आणि तोंडाने 'बैस' म्हणायचे नाही. जिने आगगाडीतसुद्धा कधी डबा एकटीने उघडला नसेल अशा बाईला याहून कठीण उपास कोणी सांगितला नव्हता.

"पाणी?" त्यांनी विचारले. "पाण्याला तर सरकार ना म्हणत नसेल?"

"पानी चलेगा," रजनी हसली.

तिने उभ्यानेच पाणी प्यायले. पेला परत देताना तिचे बोट गिरिजाबाईंच्या बोटांना लागले. "नंबर आ जाए, फिर दुकान से लूँगी आपका मसाला. पक्के बिल पर," ती मीनाक्षीला म्हणाली, आणि जिना उतरून गेली. गिरिजाबाई गॅलरीत जाऊन स्कूटर दिसेनाशी होईपर्यंत उभ्या होत्या. त्या दिवशी त्यांना जेवण गेले नाही. मीनाक्षीनेही आग्रह केला नाही. फक्त संध्याकाळी मऊ भात, मेतकूट आणि तूप असे त्यांच्यापुढे आणून ठेवले आणि शेजारी बसली.

कोजागरीच्या सकाळी नंबर आला. सुबोध मोठ्याने वाचू लागला आणि मध्येच थांबला, कारण तो फार लांब होता. तिघांनी तो आळीपाळीने फोनवर पाहिला. त्यात पाहण्यासारखे काही नव्हते; नुसते आकडे आणि अक्षरे. वर नाव मात्र मीनाक्षीचे होते.

ती दुपारी सेक्टर सतराला गेली. शेल्फ भरून गेलेली होती. लालाने हात उडवले. "बहनजी, दशहरा बोला था." मग नंबरकडे पाहिले, तिच्याकडे पाहिले, आणि गल्ल्याशेजारची, गुडघ्याइतक्या उंचीची एक फळी पुसून दिली. "यहाँ रख दो. झुकना पड़ेगा लोगों को, पर जिसको लेना है वो झुकेगा."

फळी लहान होती. पण ती बदलीवर जाणार नव्हती.

पाटीवर नंबर लिहावा लागतो. रंगाऱ्याने तो गिरिजाबाईंच्या नावाखाली लिहून दिला. संध्याकाळी पाटी पुन्हा दाराला लागली, तेव्हा त्यांनी तिला हळदकुंकू वाहिले, आणि डोळे मिटून जे मागितले ते असे होते: जी माझ्या दारातून उपाशी गेली, तिला कुठल्याही दारी कधी उपाशी राहावे न लागो. जो रोज सदरा घालून बसतो, त्याला एक दिवस तो घालून जायला जागा मिळो. आणि जिचे हात भाजले, त्या हातांना यश मिळो, विसावाही मिळो.

त्यांचे मागणे पूर्ण होवो. त्या दारी येणाऱ्याचे, आणि त्या दारातून जाणाऱ्याचेही, कल्याण असो.